हिरे सापडण्याआधी

1 मार्च 1965 रोजी बेचुआनालँड या ब्रिटिश संरक्षित प्रदेशात पहिली सार्वत्रिक निवडणूक झाली. 31 पैकी 28 जागा जिंकणाऱ्या पक्षाच्या जाहीरनाम्यातल्या एका कलमाकडे बाहेरच्या जगाने तेव्हा ढुंकूनही पाहिले नाही. जमिनीखाली जे काही खनिज असेल त्यावरचा हक्क एकेका जमातीकडे न राहता देशाच्या सरकारकडे यावा, त्यासाठी आम्ही सगळ्या जमातींशी बोलणी करू, असे त्यात म्हटले होते. पुढच्या वर्षी, 30 सप्टेंबर 1966 रोजी, हा मुलूख बोत्स्वाना या नावाने स्वतंत्र झाला. 1967च्या एप्रिलमध्ये तिथे हिरे सापडले.

आफ्रिकेतल्या चांगल्या कारभाराची चर्चा निघाली की बोत्स्वानाचे नाव हमखास येते, आणि ते नाव घेणारे बहुतेक जण गोष्ट हिऱ्यांपासून सुरू करतात. गरीब देश, नशिबाने हिरे लागले, भले झाले. मला हे पटत नाही. हिरे सिएरा लिओनमध्ये होते, काँगोत होते, अंगोलात होते. तिथल्या माणसांच्या वाट्याला काय आले ते जगाने पाहिले. बोत्स्वानात वेगळे घडले, कारण महत्त्वाचे निर्णय हिऱ्यांचा पैसा हाती येण्याआधी झाले होते, तिजोरीत खडखडाट असताना झाले होते.

खडखडाट म्हणजे किती, तेही सांगायला हवे. महाराष्ट्राच्या जवळजवळ दुप्पट क्षेत्रफळ आणि वस्ती साडेपाच लाखांच्या आसपास. बराचसा भाग कलहारीच्या वाळूखाली. साऱ्या देशात डांबरी रस्ता 12 किलोमीटर. पदवीधर 22. माध्यमिक शाळा पुरी केलेले शंभरेक. सरकारी खर्चातला सुमारे निम्मा पैसा ब्रिटनच्या अनुदानातून यायचा. ब्रिटिश अधिकारी देशाचा कारभार हाकत होते तेही देशाबाहेरून, दक्षिण आफ्रिकेच्या हद्दीतल्या मेफकिंग गावातून. गाबोरोने ही राजधानी स्वातंत्र्याच्या तोंडावर माळावर घाईने उभारली गेली. त्यात साठच्या दशकातला दुष्काळ. देशातली सुमारे एक तृतीयांश गुरे त्यात मेली. लग्नात वधूचे मोल गुरांत, दंड गुरांत आणि माणसाची पत गोठ्यातल्या डोक्यांवर मोजणारा हा समाज होता. त्यामुळे लोकांची गुरेच नव्हे, पुंजीच त्या दुष्काळात गेली.

या मुलखाला राजकारणाचा अनुभव मात्र जुना होता. 1895मध्ये तिसरा खामा, सेबेले आणि बाथोएन हे तीन राजे बोटीने लंडनला गेले होते. सेसिल ऱ्होड्सच्या कंपनीला हा प्रदेश गिळायचा होता. त्या तिघांनी इंग्लंडभर सभा घेतल्या, मंत्री जोसेफ चेंबरलेन यांच्याकडे दाद मागितली, व्हिक्टोरिया राणीची भेट घेतली. रेल्वेसाठी जमिनीचा एक पट्टा त्यांना द्यावा लागला, पण देश कंपनीच्या घशात गेला नाही. कंपनीच्या ताब्यात गेलेल्या शेजारच्या ऱ्होडेशियाचे पुढे जे झाले ते पाहता, त्या तिघांच्या या प्रवासाचे मोल मोठे आहे.

त्या खामांचा नातू सेरेत्से. 1921मध्ये सेरोवे गावात जन्मलेला, बामांग्वाटो जमातीच्या गादीचा वारस. चार वर्षांचा असताना वडील गेले, काका त्शेकेदी कारभारी झाले. पुतण्याला त्यांनी शिकायला ऑक्सफर्डला पाठवले. लंडनमध्ये सेरेत्सेची एका विमा कंपनीत कारकून असलेल्या रूथ विल्यम्सशी ओळख झाली आणि 1948च्या सप्टेंबरमध्ये दोघांनी नोंदणी पद्धतीने लग्न केले. काळा राजपुत्र आणि गोरी बायको. त्याच वर्षी दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाचे राजकारण करणारा पक्ष सत्तेवर आला होता.

काका संतापले. गोष्ट गेली क्गोटलात. लाकडी खुंटांचे अर्धवर्तुळाकार कुंपण, मध्ये मोकळे अंगण, एका बाजूला राजाचे आसन, समोर घरून आणलेल्या बुटक्या खुर्च्यांवर बसलेले पुरुष. आपल्याकडची गावची चावडीच म्हणा. तिथे कुणीही उठून बोलावे, राजाच्या तोंडावर त्याला दोष द्यावा आणि राजाने सगळ्यांत शेवटी बोलावे, अशी रीत होती. राजा हा लोकांमुळे राजा, असे सेत्स्वाना भाषेत म्हणतातच. या रीतीला मर्यादा होत्या. बायकांना तिथे दीर्घकाळ मज्जाव होता, आणि बात्स्वाना लोक ज्यांना बासार्वा म्हणतात त्या सान आदिवासींना तर वेठबिगारासारखेच वागवले जाई. पण समोरासमोर बोलून निर्णय घ्यायची सवय पक्की होती.

1948च्या अखेरीस दोन सभा झाल्या, त्यात वडीलधाऱ्यांचा कल काकांकडे होता. 1949च्या जूनमध्ये तिसरी सभा भरली. हजारो माणसे जमली होती. सेरेत्सेने सरळ विचारले, माझी बायको ज्यांना मान्य नाही त्यांनी उभे राहावे. काही डझन म्हातारे उठले. मग त्याने विचारले, ज्यांना मान्य आहे त्यांनी उभे राहावे. सगळा समुदाय उठला आणि किती तरी वेळ जयघोष चालला.

लोकांचा कौल मिळाला तरी लंडनचा मिळाला नाही. ब्रिटनला दक्षिण आफ्रिकेचे सोने आणि युरेनियम हवे होते. सरकारने नेमलेल्या चौकशी समितीने सेरेत्से राजा व्हायला लायक असल्याचे कबूल केले, पण त्याला मान्यता दिली तर शेजारी नाराज होतील, असेही लिहिले. तो अहवाल अनेक वर्षे दडपून ठेवला गेला. 1950मध्ये सेरेत्सेला हद्दपार केले गेले. ब्रिटनमध्ये मजूर पक्षाचे सरकार होते, हे मला या प्रकरणात फार लागते. वसाहतींच्या स्वातंत्र्याची भाषा करणाऱ्यांनी हा अन्याय केला. सहा वर्षांनी, गादीवरचा हक्क सोडल्यावरच, त्याला घरी येऊ दिले.

गादी सोडलेला राजा ही पुढच्या सगळ्या गोष्टीची गुरुकिल्ली आहे. सेरोवेच्या लोकांच्या मनात तो राजाच होता, पण कायद्याने सामान्य नागरिक. म्हणून जमातींच्या प्रमुखांचे अधिकार कमी करायची वेळ आली तेव्हा ते काम त्याला करता आले. दुसऱ्या कुणी केले असते तर बंड झाले असते. 1962मध्ये त्याने लोकशाही पक्ष काढला; 1965ची निवडणूक जिंकणारा तो हाच. बरोबर होता क्वेट मासिरे: कान्ये गावचा, आधी शिक्षक, मग पत्रकार, आणि कोरडवाहू शेतीत नाव कमावलेला. राजघराण्यातला एक, शेतकऱ्याच्या घरातला एक. मासिरे गावोगाव फिरला, पक्षाचे वर्तमानपत्र त्यानेच चालवले. पुढे सेरेत्से अध्यक्ष झाला, आणि उपाध्यक्षपद व देशाची तिजोरी मासिरेकडे आली.

आता त्या कलमाकडे परत येऊ. जमिनीखालचे धन त्या काळी जमातीचे मानले जाई. बामांग्वाटोंच्या मुलखात तांबे आणि निकेलचे साठे हाती लागत होते, आणि त्यासाठी खाणकंपनीशी 1959मध्येच करार झाला होता. म्हणजे खनिजांवरचा हक्क देशाकडे द्यायचा, तर सर्वांत मोठा त्याग सेरेत्सेच्याच माणसांना करावा लागणार होता. कुठल्या जमातीच्या पायाखाली आणखी काय दडले आहे, हे तेव्हा कुणालाच ठाऊक नव्हते. 1967च्या खाण कायद्याने हा हक्क सरकारकडे आला, आणि ओरापाचे हिरे निघाले तेही बामांग्वाटोंच्याच जिल्ह्यात. कायदा वेळेवर झाला नसता तर सेरोवे श्रीमंत झाले असते आणि बाकीचा देश त्याच्याकडे डोळे लावून बसला असता. अशा वाटणीवरून किती देश फुटले हे आफ्रिकेचा इतिहास वाचणाऱ्याला सांगायला नको. पुढच्याच वर्षी जमीनवाटपाचाही कायदा झाला आणि जमीन देण्याचा अधिकार प्रमुखांकडून जिल्ह्यांच्या जमीन मंडळांकडे गेला.

सगळे गुण्यागोविंदाने झाले असे नाही. 1895मध्ये लंडनला गेलेल्या बाथोएनचा नातू, दुसरा बाथोएन, या बदलांवर चिडला. 1969मध्ये त्याने कान्येची गादी सोडली, विरोधी पक्षाकडून निवडणूक लढवली आणि चक्क उपाध्यक्ष मासिरेला त्याच्याच गावात पाडले. मासिरे नेमलेल्या जागेवरून संसदेत परतला आणि बाथोएन विरोधी बाकांवर बसला. चिडलेला राजा शस्त्र न उचलता मतपेटीकडे गेला, आणि त्या जागेवर हरलेल्या सरकारने त्याच्यामागे पोलीस लावले नाहीत. हा प्रसंग मला ओरापाच्या खाणीइतकाच मोलाचा वाटतो.

ओरापाची कथाही ऐकण्यासारखी आहे. डी बिअर्स कंपनीचे भूगर्भतज्ज्ञ 1955पासून या देशात शोध घेत होते. मोतलूत्से नदीच्या पात्रात त्यांना तीन छोटे हिरे मिळाले होते. नदीच्या उगमापर्यंत माग काढला तरी मूळ खडक काही सापडेना. गॅव्हिन लॅमाँट हा त्यांचा प्रमुख. त्याच्या लक्षात आले की फार पूर्वी जमीन वर उचलली गेली आणि नदीचा वरचा भाग तुटला. हिरे वाहत आले ते आजच्या उगमाच्या पलीकडून. शोध पश्चिमेकडे सरकला आणि जगातल्या सर्वांत मोठ्या हिऱ्यांच्या खडकांपैकी एक सापडला. पुढे दक्षिणेत ज्वानेंगला तर मूळ खडकावर कित्येक मीटर वाळू होती. वाळवीने वारुळे बांधताना खालून वर आणलेले खनिजांचे कण तपासून त्याचा माग लागला.

इथे नशिबाचाही वाटा मान्य करायला हवा. सिएरा लिओनचे हिरे नदीच्या गाळात पसरलेले. फावडे आणि चाळण असली की कुणीही ते काढावेत, टोळीने बळकावावेत, सीमेपलीकडे विकावेत. ओरापाचे हिरे खोल खडकात; मोठी यंत्रे लागतात, कुंपण घालता येते, हिशेब ठेवता येतो. पण हिशेब ठेवता येणे आणि तो प्रत्यक्ष ठेवणे यात अंतर असते.

पहिल्या करारात सरकारला खाणीत फक्त 15 टक्के वाटा होता. साठा किती मोठा आहे हे कळल्यावर मासिरेच्या खात्याने बोलणी पुन्हा उघडली. आपल्याकडे खाणकायदा जाणणारी माणसे नाहीत हे ओळखून त्यांनी बाहेरचे वकील आणि अर्थतज्ज्ञ पगार देऊन आणले. 1975मध्ये वाटा निम्मा झाला. कर, स्वामित्वधन आणि लाभांश धरून खाणीच्या नफ्याचा सुमारे तीन चतुर्थांश भाग सरकारला मिळू लागला, असा अंदाज केला जातो. त्याआधी, 1969मध्ये, दक्षिण आफ्रिकेबरोबरच्या सीमाशुल्क संघाचा जुना करार बदलून त्यांनी आपला वाटा वाढवून घेतला होता. हिऱ्यांचा ओघ सुरू होत असतानाच, 1972-73मध्ये, सरकारला रोजच्या खर्चासाठी ब्रिटनच्या अनुदानाची गरज उरली नाही.

कारभाराच्या बाबतीत सेरेत्सेने एक अप्रिय गोष्ट केली. स्वतंत्र झालेल्या शेजारी देशांत गोरे अधिकारी रातोरात जात होते आणि त्यांच्या खुर्च्या कार्यकर्त्यांना मिळत होत्या. त्याने ते नाकारले. आपला माणूस शिकून तयार होईपर्यंत जुना अधिकारी राहील, असा त्याचा आग्रह होता, आणि त्यासाठी त्याने तरुणांच्या शिव्या खाल्ल्या. नियोजन आणि अर्थ ही दोन्ही खाती एका छताखाली आणली गेली. राष्ट्रीय विकास योजनेत नसलेल्या कामाला संसदेच्या मंजुरीशिवाय पैसा नाही, हा नियम झाला. खाणीचा पैसा रोजच्या खर्चात उडवायचा नाही, तो रस्ते, शाळा, दवाखाने, पाणी यात घालायचा, हे सूत्र पुढे अंदाजपत्रकाचे मोजमापच बनले. 1965 ते 1998 या काळात देशाचे दरडोई उत्पन्न दरवर्षी सरासरी 7.7 टक्क्यांनी वाढले. त्या तीन दशकांत जगात दुसऱ्या कुठल्याही देशाची अशी वाढ झाली नाही.

आकडे कोरडे असतात, म्हणून विद्यापीठाची हकीकत सांगतो. बोत्स्वाना, लेसोथो आणि स्वाझीलँड यांचे मिळून एक विद्यापीठ होते. 1975मध्ये लेसोथोने त्यातला आपल्या हद्दीतला भाग ताब्यात घेतला आणि बोत्स्वानाचे विद्यार्थी उघड्यावर पडले. सेरेत्सेने लोकांना आवाहन केले: प्रत्येकाने एक जनावर द्या. लोकांनी गुरे आणली. ज्यांच्याकडे गुरे नव्हती त्यांनी धान्य, अंडी, जमेल ते पैसे दिले. दुष्काळाने गोठे ओस पडल्याला जेमतेम दहा वर्षे झाली होती. त्यातून गाबोरोनेचे विद्यापीठ उभे राहिले. गाय हाकत नेणाऱ्या माणसाचा पुतळा आज त्या आवारात आहे. सरकारवर विश्वास असल्याखेरीज शेतकरी दावणीची गाय सोडून देत नाही.

तो विश्वास सरकारने फेडला, 1982 ते 1987 या काळात. पाऊस सलग कित्येक वर्षे दडी मारून बसला. सेरेत्से 1980मध्ये गेला होता, मासिरे अध्यक्ष होता. गावोगाव मजुरीची कामे निघाली, मुलांना आणि बाळंतिणींना पूरक आहार सुरू झाला, दवाखान्यांत दर महिन्याला मुलांची वजने घेऊन कुपोषण कुठे वाढते आहे याची नोंद राजधानीत जाऊ लागली. संसदेत प्रश्न विचारले जात होते, वर्तमानपत्रे लिहीत होती. पिके बुडाली, पण भूकबळींची रांग लागली नाही. आपल्यासाठी हे फार जवळचे आहे. ज्याँ द्रेझ आणि अमर्त्य सेन यांनी 1989च्या आपल्या ग्रंथात दुष्काळ रोखण्याची जी उदाहरणे अभ्यासली, त्यांत 1970 ते 1973चा महाराष्ट्र आहे आणि बोत्स्वानाही आहे. खडी फोडायला, पाझर तलावावर माती टाकायला गेलेली आपली आधीची पिढी आणि कलहारीच्या कडेला रस्ता साफ करणाऱ्या तिथल्या बायका यांना तारणारी गोष्ट एकच होती: काम मागितले की द्यावे लागेल, नाही दिले तर ओरड होईल, हे सरकारला ठाऊक होते.

या गोष्टीची काळी बाजू झाकू नये. बासार्वांना त्यांच्याच मध्य कलहारीतल्या अभयारण्यातून 1997 आणि 2002मध्ये हलवले गेले. नव्या वसाहतीत शाळा, दवाखाना देतो, असे सरकार म्हणे. त्यांना मात्र शिकारीचा आणि पूर्वजांच्या भूमीचा हक्क हवा होता. 2006च्या डिसेंबरमध्ये उच्च न्यायालयाने दोन विरुद्ध एक मताने त्यांच्या बाजूने निकाल दिला. जुन्या विंधण विहिरीच्या पाण्यासाठीही त्यांना पुन्हा अपील करावे लागले; तो हक्क 2011मध्ये मिळाला. विषमताही मोठी राहिली. हिऱ्यांच्या खाणीत माणसे थोडीच लागतात आणि गुरांचे मोठे कळप थोड्यांकडेच असतात. राजकारणही धुतल्या तांदळासारखे नव्हते. राजधानीजवळच्या जमिनींच्या वाटपाची चौकशी झाली आणि 1992मध्ये उपाध्यक्ष पीटर म्मुसी आणि मंत्री डॅनियल क्वेलागोबे यांना पदे सोडावी लागली. 1994मध्ये भ्रष्टाचाराच्या तपासासाठी स्वतंत्र संचालनालय आले. सत्तेतल्या दुसऱ्या क्रमांकाच्या माणसाला चौकशीच्या अहवालावरून जावे लागते, हेही त्या काळात आफ्रिकेत सहसा दिसत नव्हते.

सर्वांत मोठा घाव एड्सचा. शतक सरताना प्रौढांपैकी एक तृतीयांशाहून अधिक लोकांना लागण झाली होती. तीस वर्षांत कमावलेले आयुर्मान काही वर्षांत घसरले. अध्यक्ष फेस्टस मोगाए यांनी हे जगापुढे उघडपणे मांडले, आणि 2002च्या जानेवारीत सरकारी दवाखान्यांतून एचआयव्हीवरची औषधे फुकट देण्याचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू केला. आफ्रिकेतला तसा तो पहिलाच. दात्यांची मदत होती, पण हिऱ्यांच्या पैशातून बांधलेले दवाखाने आणि शिकवलेल्या परिचारिका नसत्या तर औषधे गोदामातच पडून राहिली असती.

2013मध्ये डी बिअर्सचा कच्च्या हिऱ्यांचा विक्री कारभार लंडनहून गाबोरोनेला आला, आणि मुंबईच्या वांद्रे-कुर्ला संकुलातले व्यापारी माल पाहायला तिकडे जाऊ लागले. आता त्याच धंद्यावर सावट आहे. प्रयोगशाळेत घडवलेला हिरा स्वस्त झाला, त्यातला मोठा भाग सुरतेत तयार होतो, आणि खाणीतल्या हिऱ्याचे भाव कोसळले. 2024च्या ऑक्टोबरमध्ये निवडणूक झाली ती या मंदीत. 58 वर्षे राज्य केलेल्या, सेरेत्से आणि मासिरेच्या पक्षाला जेमतेम 4 जागा मिळाल्या. पूर्ण निकाल लागण्याआधीच अध्यक्ष मोक्वेत्सी मासिसी यांनी पराभव मान्य केला आणि 1 नोव्हेंबरला वकील ड्युमा बोको यांनी शपथ घेतली. 2025च्या फेब्रुवारीत नव्या सरकारने डी बिअर्सबरोबर दहा वर्षांच्या विक्री करारावर सही केली. सरकारी कंपनीला आधी 30 टक्के माल मिळेल, मग 40 टक्के, आणि कराराला मुदतवाढ मिळाली तर निम्मा. पण त्या मालाला पूर्वीचा भाव नाही. सरकारपुढे तूट आहे आणि त्याच वर्षी दवाखान्यांत औषधांचा इतका तुटवडा झाला की बोको यांना आरोग्य आणीबाणी जाहीर करावी लागली.